सह्याद्री तसा पोरसवदाच!

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

आपल्या रविवार पुरवणीतला पृथ्वीच्या जन्मावरचा लेख वाचला. मराठीत हा विषय फारसा कुणी हाताळत नाही, म्हणून लेखकाचे आधी अभिनंदन. पण 'पृथ्वी थंड झाली, कवचाचे तुकडे पडले आणि तेव्हापासून भूपट्ट सरकत आहेत' हे त्यातले वाक्य मुले पाठ करून ठेवतील, म्हणून हे पत्र. भूपट्ट म्हणजे कवचाचे सरकते प्रचंड तुकडे; ते केव्हापासून सरकू लागले, त्या 'तेव्हापासून'वरच तर भूशास्त्रज्ञांचे भांडण अजून मिटलेले नाही.

त्यात छायाचित्र छापले ते कोकणकड्याचे, आणि खाली ओळ 'पृथ्वीच्या आदिम कवचाचे दर्शन'. कोकणकडा देखणा खराच, पण आदिम कसला? दख्खनचा काळा पाषाण, म्हणजे लाव्हा थिजून झालेला बेसाल्ट, साधारण ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वीचा, पृथ्वीचे वय ४५४ कोटी. पृथ्वीला सत्तरीची आजी मानले, तर सह्याद्री हे तिचे नुकतेच वर्षाचे झालेले पणतवंड.

खरा म्हातारा या पाषाणाच्या खाली दडला आहे. कोयनेच्या भूकंपांचा अभ्यास करायला पृथ्वी विज्ञान मंत्रालयाने आमच्या भागात खोल विवरे घेतली, त्यांतले एक तर ३ किलोमीटरचे. कुठे ९३० मीटरवर, कुठे सव्वा किलोमीटरच्या आसपास बेसाल्ट संपतो आणि खाली एकदम ग्रॅनाइट-नाइस (उष्णतेने-दाबाने पट्टे पडलेला कठीण खडक) लागतो, अडीच अब्ज वर्षांहून जुना. भूशास्त्र शिकवण्यात माझी सारी हयात गेली, तरी त्या विवरांतून काढलेले दगडाचे लांबट दंडगोल पहिल्यांदा पाहिले तेव्हा बराच वेळ बोलवेना. वर काळा, खाली करडा-गुलाबी पट्ट्यापट्ट्यांचा, आणि दोहोंच्या मधल्या सांध्यात जवळजवळ पृथ्वीचे निम्मे आयुष्य गायब!

तरी कोयनेच्या खालचा हा दगडही पहिल्या कवचाचा नव्हे. ते कवच आज कुठेच शिल्लक नाही. पश्चिम ऑस्ट्रेलियातल्या जॅक हिल्सच्या खडकात झिर्कॉन या चिवट खनिजाचे बारीक कण सापडले, त्यांतला सर्वांत जुना ४.४ अब्ज वर्षांचा. त्यांतल्या ऑक्सिजनवरून तेव्हाही पृथ्वीवर पाणी असावे, असे अनुमान निघाले. आपल्याकडे ओडिशात चंपुआजवळच्या खडकातही ४.२४ अब्ज वर्षांचा झिर्कॉन मिळाल्याचे २०१८ साली प्रसिद्ध झाले. अखंड खडक म्हणाल तर कॅनडातला अकास्टा नाइस, ४.०३ अब्ज वर्षांचा. पण या साऱ्यांची साक्ष आहे ती शिलारसाची आणि पाण्याची. भूपट्ट तेव्हा सरकत होते, असे त्यांतून सिद्ध होत नाही.

आजचा समुद्रतळाचा भूपट्ट थंड, जड आणि ताठ असतो. म्हणून तो दुसऱ्याच्या खाली घुसतो आणि मागच्या भागाला ओढत नेतो. सगळा गाडा मुख्यतः या ओढीवर चालतो. तीन-साडेतीन अब्ज वर्षांपूर्वी मात्र प्रावरण, म्हणजे कवचाखालचा तप्त खडकाचा थर, आजच्यापेक्षा शे-दोनशे अंशांनी अधिक तापलेले होते. अशात घुसलेला तुकडा तव्यावरून घाईने उचललेल्या घावनासारखा मधेच तुटत असावा. मग खंड बनले कसे? एक मत असे की, लाव्ह्यावर लाव्हा साचून कवच जाड झाले, त्याचा पाणी मुरलेला तळ वितळला आणि त्यातून निघालेला हलका, ग्रॅनाइटी रस वर येऊन थिजला. यात एक भूपट्ट दुसऱ्याखाली जाण्याची गरजच पडत नाही.

या मताला मोठा आधार झारखंड-ओडिशातल्या सिंहभूमने दिला. तिथल्या तीन अब्ज वर्षांहून जुन्या वालुकाश्मांत नदीच्या आणि समुद्रकिनाऱ्याच्या खुणा आहेत. तिथले कवच ५० किलोमीटरपर्यंत जाड होत गेले आणि ३.३ ते ३.२ अब्ज वर्षांपूर्वी जमीन पाण्यावर उचलली गेली, तीही भूपट्टांच्या टकरीविना, असे २०२१ च्या शोधनिबंधात मांडले आहे. ऑस्ट्रेलिया, आफ्रिका, कॅनडा फिरून आलेल्या आपल्या लेखात सिंहभूमचे नावही नसावे?

उलट बाजूही तितकीच वजनदार आहे. पश्चिम ऑस्ट्रेलियातल्याच पिलबारातल्या लाव्ह्यात थिजताना नोंदल्या गेलेल्या चुंबकत्वावरून, तो भूभाग ३.२ अब्ज वर्षांपूर्वी वर्षाला किमान अडीच सेंटीमीटर सरकत होता, असे २०२० मध्ये दाखवले गेले. दुसरीकडे, थंड भूपट्ट खोल गेल्यावरच तयार होणारा निळसर शिस्ट नावाचा खडक सुमारे ८० कोटी वर्षांहून जुना सापडतच नाही. त्यामुळे आजच्यासारखे भूपट्ट फार उशिरा आले, असे म्हणणारेही आहेत. माझे मत विचाराल तर गाडी तीन अब्ज वर्षांच्या सुमारास धक्के खात, कुठे चालू कुठे बंद, अशी निघाली असावी. पण हे मत झाले; लेखकाने मात्र आपले मत निकालासारखे लिहिले.

जाता जाता शून्यांबद्दल. लेखात एकाच खडकाचे वय एकदा '४ अब्ज' आणि पुढच्याच परिच्छेदात '४० कोटी' आहे. १ अब्ज म्हणजे १०० कोटी. ४० कोटी वर्षांपूर्वी समुद्रात मासे पोहत होते. एवढी दुरुस्ती तरी छापावी.

आणि पुढच्या वेळी छायाचित्र हवे असेल तर बेंगळुरूच्या लालबागेतल्या टेकडीचे घ्यावे. तो उघडा नाइस सुमारे तीन अब्ज वर्षांचा आहे, भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाने त्याला राष्ट्रीय भूवैज्ञानिक स्मारक ठरवले आहे. आयटीतल्या मुलांकडे जाणारे आपले निम्मे वाचक संध्याकाळी त्याच्यावरच बसून शेंगा खातात.

आपला,
भूशास्त्राचा एक निवृत्त शिक्षक, कराड