पूर्व भागातली उंच शेड

महोदय,

सोलापूरच्या पूर्व भागाविषयी काही छापून आले की 'विडी आणि चादर' एवढ्यावर विषय आटोपतो. साखर पेठ, दाजी पेठ, भद्रावती पेठ, अशोक चौक इथपासून अक्कलकोट रोड एमआयडीसीपर्यंतच्या या वस्तीला दाटीवाटीची म्हणून नावे ठेवली जातात, पण तिची घरे अशी का बांधली गेली हे कुणी विचारत नाही. जुन्या शेड पाडून त्याच जागेवर फ्लॅट उठत आहेत. ते उठायच्या आत काही गोष्टींची नोंद व्हावी, यासाठी हे पत्र.

सोलापुरात 1877 साली मोरारजी गोकुळदासांची जुनी गिरणी सुरू झाली, पुढे नरसिंगगिरजी, लक्ष्मी, विष्णू या गिरण्या आल्या. तेलंगणातून आलेली पद्मशाली विणकर कुटुंबे मात्र फक्त गिरणीवर अवलंबून नव्हती. त्यांचा हातमाग घरातच होता, नंतर त्या जागी यंत्रमाग आला. आजही घरात त्याला 'मग्गम' म्हणतात आणि रस्त्यावर 'माग'. गिरण्यांचे भोंगे थांबले तरी पूर्व भाग बसला नाही, तो या घरातल्या मागामुळे.

आता शेडकडे बघा. खाली माग, वर पत्रा, आणि पत्रा एवढा उंच की बाहेरच्या माणसाला ती जागा वाया गेल्यासारखी वाटते. चादरीवरची फुले, मोर आणि नक्षी जॅकार्ड हे यंत्र काढते, आणि जॅकार्ड बसते मागाच्या डोक्यावर. त्याच्या हुकांपासून उभ्या धाग्यांपर्यंत दोऱ्या खाली उतरतात. म्हणून छत निदान 12-13 फूट लागते. छत ठेंगणे असेल तर कडेच्या दोऱ्या फार तिरक्या ओढल्या जातात, छिद्राच्या पट्टीवर घासून लवकर तुटतात, आणि काठाकडचे धागे मधल्यांइतके उचलले जात नाहीत. मग काठाजवळची नक्षी विस्कटते. माग तळमजल्यावर असण्यालाही कारण आहे. धोट्याच्या ठोक्यांनी साध्या स्लॅबला तडे जातात. आणि उन्हाळ्यात फरशीवर पाणी मारलेले दिसते ते गारव्यासाठी नव्हे, सुतासाठी. सोलापूरच्या कोरड्या हवेत धागा कडक होतो आणि फटाफट तुटतो.

जॅकार्डची पुठ्ठ्याची कार्डे ही तर या भागाची दप्तरेच म्हणावीत. बाण्याच्या, म्हणजे आडव्या धाग्याच्या, एका फेऱ्याला एक कार्ड. भोक असेल तिथला हुक उचलला जातो, नसेल तिथला खालीच राहतो. शेकडो कार्डे ओळीने शिवून त्यांची माळ होते, आणि माळ फिरत राहते. एखादे कार्ड फाटले किंवा उलट शिवले गेले, तर तीच चूक माळेच्या प्रत्येक फेऱ्यात त्याच ठिकाणी उमटते. जाणता जॉबर, म्हणजे माग दुरुस्त करून चालता ठेवणारा, कापड बघूनच सांगतो की दोष कार्डात आहे, वहिफणीत म्हणजे उभे धागे ओवण्यात आहे, की रंगात. रंगाचा दोष वेगळा ओळखू येतो: बीमवर, म्हणजे उभे धागे गुंडाळलेल्या रुळावर, दोन वेगळ्या लॉटचे सूत मिसळले की चादरीवर उभा पट्टा दिसतो. दोन रंगांच्या चादरीत नक्षी उलट्या बाजूला रंग बदलून उमटते, त्यामुळे चूक लपवायला मागची बाजूही उरत नाही. सोलापुरी चादरीला भौगोलिक मानांकन आहे. ती ज्यावर विणली गेली त्या कार्डांना मात्र शेड पाडताना रद्दीचा भाव येतो. आम्हाला याचेच सर्वांत जास्त वाईट वाटते.

पुरुष मागावर आणि बायका ओट्यावर विड्या वळत, हीही या भागाची बांधणीच. तेंदूचे पान भिजवून ओल्या गोणपाटात ठेवायचे, फर्म्याने (साच्याने) कापायचे, तंबाखू भरून वळायचे, टोक दुमडायचे, दोरा बांधायचा. 25 विड्यांचा एक कट्टा आणि हजारी, म्हणजे हजार विड्या, पुरी व्हायला 40 कट्टे. पान सुकले की वळताना चिरते, आणि कारखान्यात तपासणीला छाट निघते, म्हणजे खराब विड्या बाजूला काढल्या जातात. म्हणून ओटा सावलीत हवा, आणि पाणी हाताशी हवे. कुंभारीला 2006 साली विडी कामगार महिलांसाठी 10,000 घरांची वसाहत झाली, आणि शेजारच्या रे नगरमध्ये 2024 मध्ये आणखी 15,000 घरांच्या किल्ल्या दिल्या गेल्या. हक्काचे छप्पर मिळाले, हे मोठेच काम. पण अशा वसाहतीत मागासाठी 12 फुटांचे छत नाही. घर आणि काम वेगळे झाले की कामाला जायचे भाडे रोजच्या मजुरीतून जाते, हा हिशोब पुढची घरे आखताना व्हायला हवा.

आमची मागणी मोठी नाही. पूर्व भागातली जॅकार्ड बसलेली एक शेड, बंद काचेच्या संग्रहालयासारखी नव्हे, तर जॉबर, कांडीवाला (बाण्याच्या कांड्या भरणारा) आणि वहिफणी कामगार यांच्यासह चालती ठेवावी. शहरातल्या अभियांत्रिकी व वस्त्रोद्योग शिकणाऱ्या मुलांना तिथे कार्ड छिद्रायला आणि माळ शिवायला शिकवावे. आणि शेड पाडणाऱ्यांनी कार्डे रद्दीत घालण्याआधी प्रत्येक माळेवर नक्षीचे नाव आणि कार्डांची संख्या लिहून ती त्या शेडला द्यावी. नक्षीचे नाव लिहायला मराठी चालेल, तेलुगूही चालेल.

– पूर्व भागातील काही यंत्रमागधारक व कामगार, सोलापूर