दुसऱ्या एडिटरचं नाव कुठाय?

मा. संपादक यांस, सप्रेम नमस्कार.

रविवारच्या पुरवणीत फ्रेंच सिनेमावर पानभर लेख आला, वाचून बरं वाटलं, दिग्दर्शकांमधे त्रूफो झाला, पियाला झाला, नट देपार्दिऊचा फोटो तर केवढा मोठ्ठा, पण सिनेमे एडिट कोणी केले ते एका ओळीत पण नाही. इंग्रजीत तुम्ही पण एडिटर आणि तो पण एडिटर, निदान तुम्ही तरी त्याला विसरायला नको होतं राव.

मी यान देदे या फ्रेंच संकलकाबद्दल बोलतोय. त्रूफोचा 'डे फॉर नाइट' (१९७३), ज्याला ऑस्कर मिळालं, तो त्याने मार्टिन बाराकेसोबत एडिट केला. मग पियालाकडे 'लुलू', 'पोलीस', 'व्हॅन गॉग', आणि पार २०१२ साली 'पोलिस्स'साठी लॉर गार्देतसोबत सेझार, म्हणजे फ्रेंच सिनेमाचं मोठं अवॉर्ड. म्हणजे चाळीस वर्षं माणूस एडिटिंग टेबलावर बसलेला.

पण खरी गंमत वेगळीच आहे. 'अंडर द सन ऑफ सेटन' (१९८७) मधे पियालाने त्यालाच कॅमेऱ्यासमोर उभा केला, डॉक्टर गालेचा रोल. मुशेत नावाची पोरगी (नटी सांद्रिन बोनेर) त्याला सांगते की मी खून केलाय आणि हा बाबा ते मानायलाच तयार नाही, बायको आहे, समाजात नाव आहे, त्याला फक्त भानगड नकोय. प्रोफेशनल नट असता तर घाबरणं दाखवलं असतं, हा नुसता टाळतो, आणि तेच जास्त बोचतं. आणि सिनेमा एडिट कोणी केला? यानेच! याच सिनेमाला कान फिल्म फेस्टिव्हलमधे पाम द'ओर, म्हणजे तिथलं सगळ्यात मोठं बक्षीस, मिळालं तेव्हा लोकांनी हुर्यो केली आणि पियालाने स्टेजवरून मूठ दाखवली, हे सगळ्यांना माहितीय, पण डॉक्टर कोण होता ते विचारा.

मी लग्नाचे व्हिडिओ एडिट करतो (हसू नका), मागे चुलतभावाच्या लग्नाचं फुटेज लावलं तर पंगतीत मीच वाढतोय, घामाघूम, शर्ट सुटलेला, आणि तो शॉट उडवायला माझा हात दोन मिलिसेकंदात गेला. शेजारी आजी इतकी छान हसत होती, ती पण गेली. त्यामुळे स्वतःचं तोंड स्क्रीनवर बघत सीन जिथे तोडायचा तिथेच तोडणं किती अवघड असेल ते मला जरा कळतं.

तर पुढच्या वेळी सिनेमाच्या माहितीत दिग्दर्शकाखाली एक ओळ संकलकाची टाका. पत्र लांबलंय, जागा कमी पडली तर माझं लग्नाचं पुराण उडवा, देदेचं नाव ठेवा.

आपला,
एक वाचक, मिरज