तपासणीच्या दिवशीचे रुग्ण

होमिओपॅथी महाविद्यालयांच्या मान्यतेचे वाद ऐन प्रवेशाच्या तोंडावर न्यायालयात जातात. १९७३ च्या कायद्याने आलेली केंद्रीय परिषद गेली, २०२० च्या कायद्याने राष्ट्रीय आयोग आला. मी इंटर्नशिप केली तिथे मान्यतेसाठीच्या तपासणीच्या दिवशी खाटांवर कोऱ्या चादरी आणि शेजारच्या वस्तीतून आणलेले 'रुग्ण' असत. दुसऱ्या दिवशी ओपीडीत पंखा आणि मी. नोंदवही मात्र भरगच्च! मान्यता देणे न्यायालयाचे काम नव्हे, ते आयोगाच्या मूल्यांकन मंडळाचेच. पण न्यायालयाच्या अंतरिम, म्हणजे तात्पुरत्या, आदेशावर प्रवेश झाले, की टांगणीला लागतात ते विद्यार्थी. त्यापेक्षा तपासणी अहवाल, त्रुटींसकट, प्रवेशफेरीआधी जाहीर करण्याची मुदतच न्यायालयाने घालून द्यावी.

– एक बीएचएमएस डॉक्टर