कॅलगरीतल्या कोंबड्याविषयी मित्रास पत्र

कोल्हापूर,
मार्चचा पहिला आठवडा

प्रिय अविनाश,
सप्रेम नमस्कार.

तुझे पत्र आणि सोबतचे फोटो मिळाले. गेल्या वर्षी तुझी कोंबडा या फुलझाडाची रोपे वीतभर उंचीवरच बसली, त्यांना बोराएवढा तुरा आला आणि जुलैत पाने निस्तेज होऊन झडू लागली, असे लिहून तू ‘कोणते औषध मारू’ असे विचारले आहेस. फोटो नीट पाहिल्यावर माझे मत असे झाले की औषधाचा प्रश्न नंतरचा आहे. ही रोपे कीड येण्याआधीच थंडीने खुंटली होती, आणि खुंटलेले रोप किडीच्या माऱ्यातून सहसा वर येत नाही.

कोंबडा हा आपल्या कुर्डूचाच भाऊबंद. पावसाळ्यात ज्वारी-भुईमुगाच्या रानात कुर्डू कसा मोकाट माजतो, आणि कोवळा असताना त्याची भाजी आपल्या घरी कशी होत असे, हे तुला आठवत असेलच. त्यामुळे हे काटक झाड आहे असा आपला समज होतो. ते काटक आहे खरे, पण उष्णतेच्या राज्यात. डिसेंबर-जानेवारीत पहाटे इथला पारा १४-१५ अंशांवर उतरला की आमच्या रोपवाटिकेतली कोंबड्याची रोपेसुद्धा मंदावतात. मग तुमच्याकडे कॅनडातल्या कॅलगरीत, जिथे जूनमधल्या रात्रीही पुष्कळदा १० अंशांच्या खाली जातात, तिथे त्याने काय करावे?

बी इथून पाठवण्याचा तुझा आग्रह मात्र मला मोडावा लागेल. परदेशातून बियाणे नेण्यासाठी वनस्पती-आरोग्य प्रमाणपत्र लागते आणि मूठभर बियांसाठी ते सोपस्कार करण्यात अर्थ नाही. तिथेच बुटक्या, लवकर फुलणाऱ्या जातीचे बी घे. उंच जातींना तुमचा उन्हाळा पुरणार नाही. सप्टेंबरच्या मध्याला हिमदव पडला की झाड एका रात्रीत काळे पडते.

बी एप्रिलच्या मध्याला घरातच पेर. त्याआधी पेरून काही साधत नाही, कारण लहान कुंडीत अडकून मुळे गोल फिरू लागली की रोप घाबरून अकाली तुरा काढते आणि मग त्याची वाढ थांबते. तुझ्या बोराएवढ्या तुऱ्याचे एक कारण हेच असावे. दुसरे कारण उजेडाचे. दिवस लहान असला की कोंबडा लवकर फुलावर येतो, म्हणून खिडकीतल्या उजेडावर न विसंबता रोपांना दिव्याखाली रोज १४ ते १६ तास प्रकाश दे. बी मोहरीहूनही बारीक, काळे आणि चकचकीत असते. त्यावर मातीचा अगदी पातळ थर पुरतो. माती २१ ते २५ अंश उबदार राहिली तर आठवड्या-दीड आठवड्यात ते उगवते; थंड आणि ओल्या मातीत मात्र रोपे बुडापाशी बारीक होऊन कोलमडतात. नळाचे पाणी थेट घालू नकोस. तुमच्या बो आणि एल्बो नद्यांचे पाणी डोंगरातल्या बर्फाचे, ते रात्रभर घरात ठेवून मगच दे.

पुनर्लागणीची घाई करू नकोस. शेजारी मे महिन्यात झेंडू लावतील, लावू देत. जूनचा पहिला आठवडा उलटून रात्रीचे तापमान १० अंशांच्या आसपास टिकू लागले की मग, आठवडाभर रोज थोडा थोडा वेळ बाहेर ठेवून सरावलेली रोपे, मुळांभोवतीची माती न फोडता लाव. जागा दक्षिणेकडे तोंड असलेल्या विटांच्या भिंतीलगतची निवड, कारण दिवसा तापलेली भिंत रात्री ऊब देते आणि गारपिटीपासूनही थोडा आडोसा होतो. दोन रोपांत वीतभराहून जास्त अंतर ठेव. पिसाऱ्यासारख्या तुऱ्याच्या जातींचा शेंडा खुडलास तर फांद्या फुटतील, पण कोंबड्याच्या तुऱ्यासारख्या जातींचा खुडू नकोस. तिथे मधला एकच मोठा तुरा हवा असतो.

आता किडींकडे येतो. तुझ्या तिसऱ्या फोटोत पानाच्या वरच्या बाजूवर सुईच्या टोकाएवढे फिकट ठिपके आहेत आणि देठापाशी अगदी बारीक जाळी दिसते. हा कोळी, म्हणजे पानांतला रस शोषणारी अगदी बारीक कीड आहे, आणि तुमच्या कोरड्या हवेत त्याला रान मोकळे मिळते. इथे पावसाळ्यात तो आम्हाला फारसा छळत नाही, आम्हाला मुळांची सड छळते. पण चैत्र-वैशाखात तोही येतो. साधारण २७ अंशांना त्याची एक पिढी आठवडाभरात पुरी होते, त्यामुळे आज चार दिसले तर पंधरवड्यात पान झाकले जाते. तो बहुधा घरातच, हीटरच्या कोरड्या हवेत, रोपांवर येतो आणि त्यांच्याबरोबर बागेत जातो. म्हणून रोपे बाहेर काढण्याआधी प्रत्येकाचे पान पांढऱ्या कागदावर झटकून बघ. कागदावर पडलेले कण चालू लागले तर कोळी आहे असे समज.

अशा वेळी पहिला उपाय पाण्याचा. पानांच्या खालच्या बाजूने, जोर लावून पण रोप न मोडता, सकाळीच फवारा मार, म्हणजे पाने दुपारपर्यंत सुकतात. तेवढ्याने न भागल्यास दुकानातला कीडनाशक साबण लेबलवर दिलेल्या प्रमाणात घे. भांड्यांचा साबण वापरू नकोस, त्याने पाने करपतात. कीडनाशक साबण फक्त किडीच्या अंगावर पडला तरच काम करतो आणि अंड्यांवर त्याचा फारसा परिणाम होत नाही, म्हणून पाच-सात दिवसांनी पुन्हा फवारावे लागते. निंबोळी तेलाला तिथे नियमांची अडचण आहे असे तूच कळवले होतेस, तेव्हा तो विषय मी सोडून देतो. उगाच कडक विष मारण्याच्या मी विरुद्धच आहे, कारण कोळ्याला खाणारे किडे आधी मरतात आणि कोळी पुन्हा वाढतो.

मावा या किडीचे फार मनावर घेऊ नकोस. कोवळ्या शेंड्यावर बोटाने चोळला तरी भागते. नत्राचे खत जास्त दिलेस तर शेंडे लुसलुशीत होऊन तो वाढेल, एवढेच ध्यानात ठेव. फुलकिडे मात्र तुऱ्याच्या वळ्यांत शिरतात आणि तिथे फवारा पोहोचत नाही. शिवाय वळ्यांत पाणी साचले की तुरा आतून सडतो. त्यामुळे तुरा भरल्यावर वरून पाणी घालणे बंद कर आणि ते बुडाशीच दे. गोगलगायींसाठी रात्री रोपांजवळ एक ओली फळी पालथी ठेव. सकाळी तिच्याखाली जमलेल्या उचलून टाकता येतील.

नवरात्रात अंबाबाईच्या देवळाभोवतीच्या फुलवाल्यांकडे कोंबड्याचे लालभडक तुरे दिसले की तुला फोटो पाठवीन. तू मात्र मेच्या अखेरीस पानांच्या खालच्या बाजूचे फोटो पाठव, वरच्या बाजूचे नकोत. कोळी असेल तर मला तिथेच ओळखता येईल. वहिनींना नमस्कार, मुलांना आशीर्वाद.

तुझा,
विलास