मंत्रिमहोदय, मोजणी पावसाळ्यातही करा

माननीय केंद्रीय पर्यावरण, वने आणि हवामान बदल मंत्री यांस,

स. न. वि. वि.

आडबाजूच्या गावाशेजारी मोठी खाण यायची असते, तेव्हा १४ सप्टेंबर २००६ च्या अधिसूचनेप्रमाणे आधी पर्यावरणीय आघाताचा अहवाल होतो. त्यासाठी हवा-पाण्याची मोजणी सहसा एकाच हंगामात केली जाते, आणि तो हंगाम पावसाळा नसतो. माझी तक्रार इथेच आहे.

नुकसान होते ते पावसात. खाणीतून उपसलेल्या मातीचे ढीग पहिल्या जोरदार सरीला सुटतात, ओढा गढूळतो, गाळ बांध ओलांडून शेतात येतो. उघडीप पडली की त्याची खपली बनते. बोटाने उचलली तर पापडासारखी निघते, पण खालच्या कोंबाला ती फोडता येत नाही. शेतकरी तक्रार घेऊन गेला की ठरलेले उत्तर मिळते: पावसाळ्यात ओढे गढूळ होतातच! खाण येण्याआधी भर पावसात ओढ्याचे पाणी कसे होते, याचा कागद कोणाकडेच नसतो. शेतकऱ्याने सिद्ध करायचे तरी कशाच्या जोरावर?

धुळीचेही तेच. हवेतल्या सूक्ष्म कणांची, म्हणजे पीएम १० ची, चोवीस तासांची मर्यादा घनमीटरला १०० मायक्रोग्रॅम आहे. ट्रकच्या रस्त्याकडेच्या पिकाच्या पानावर किती थर बसला, हे त्या आकड्यात येत नाही.

या अहवालावर लोकांचे म्हणणे ऐकणाऱ्या जनसुनावणीची सूचना किमान ३० दिवस आधी द्यावी लागते, पण सुनावणीला गणसंख्येची, म्हणजे किमान इतके लोक हजर हवेत अशी, अट नाही. स्थानिक भाषेत मिळतो तो सारांश. आकडे असलेला जाडजूड अहवाल बहुधा इंग्रजीत. या अधिसूचनेच्या जागी आणायच्या नव्या अधिसूचनेच्या २०२० च्या मसुद्यात तर हे ३० दिवसही २० वर आणायचा विचार होता.

मागणी मोठी नाही. पावसाळ्यातली मोजणी सक्तीची करा, आणि ती गावकऱ्यांसमोर, त्यांनी दाखवलेल्या ओढ्यावर होऊ द्या. दरवर्षी १ जून आणि १ डिसेंबरला प्रकल्पाकडून येणाऱ्या अनुपालन अहवालांत, म्हणजे मंजुरीच्या अटी पाळल्या का हे सांगणाऱ्या अहवालांत, पावसाचे आकडे वेगळे मागा आणि ते ग्रामपंचायतीच्या फलकावर लावायला सांगा. यासाठी संसदेत जावे लागत नाही. ही अधिसूचना आपल्याच मंत्रालयाने अनेकदा बदलली आहे, बऱ्याचदा उद्योगांच्या सोयीसाठी.

कळावे,
एक नागरिक