गाणाराच अँकर हवा

संपादक साहेब, नमस्कार. गाण्याच्या रिअॅलिटी शोबद्दल छापून येतं ते सगळं जज लोकांबद्दल, अँकरकडे कोण बघतंय! १९९५ मध्ये झी टीव्हीवर सारेगामा सुरू झालं तेव्हा अँकर होता सोनू निगम, मग आला शान, जन्म खंडव्याचा म्हणजे आम्हा इंदूरवाल्यांच्या शेजारचाच (किशोरकुमारही तिथलेच, आम्ही दोघांनाही घरचेच समजतो). गायक अँकर असला की फरक कळतो हो, पोरगं अंतऱ्यात अडकलं की तो हळूच ओळ धरून देतो आणि पट्टी उंच लागलीय हे त्याला जजच्या आधी कळलेलं असतं, नाहीतर बाकीचे नुसते पांचट जोक मारतात. आदित्य नारायणचं मात्र वाईट वाटतं, लहानपणापासून गातोय पण सारेगामापा आणि इंडियन आयडलचं इतकं अँकरिंग केलं की आमच्या घरातली पोरं त्याला अँकरच समजतात. पैसा मिळतो, चेहरा घरोघरी पोचतो, पण एवढ्या शूटिंगमध्ये रियाज कधी करणार? मराठी चॅनलवाल्यांनी आर्या आंबेकर, रोहित राऊत या गायकांना २०२१ मध्ये लिटिल चॅम्प्सचे ज्युरी केलं, आता त्यातल्याच कोणाला अँकरचा माइक देऊन बघा ना, फक्त एका सीझनपुरता.

– एक वाचक, इंदूर