सूचना : शनिवारी मूकपट, मालवण

सभासदांना नमस्कार. येत्या शनिवारी संध्याकाळी ७ वाजता वाचनालयाच्या माडीवर १९०५ चा इंग्लंडमधला ‘रेस्क्यूड बाय रोव्हर’ हा मूकपट पाहू. जेमतेम ६-७ मिनिटांचा. पळवून नेलेल्या तान्ह्या बाळाला घरचा कुत्रा शोधून काढतो. नदी पोहून जातो तो प्रसंग चुकवू नका. निर्माते सेसिल हेपवर्थ यांची स्वतःची मुलगी, पत्नी आणि कुत्रा ब्लेअर यात आहेत. प्रतींना मागणी इतकी, की निगेटिव्ह झिजून सगळा चित्रपट आणखी दोनदा चित्रित करावा लागला! दशावतारातले आपले पेटीवाले काका साथीला बसणार आहेत, हे मला फार आवडलंय. मुलांना नक्की आणा. पाऊस असला तरी कार्यक्रम होईल. जिना अंधारा आहे, बॅटरी जवळ ठेवा.